मिसाबंदीतील कुटुंबजीवन

आणीबाणीत (२५ जून १९७५ ते २१ मार्च १९७७) अंतर्गत सुरक्षा कायद्याखाली, म्हणजे ‘मिसा’खाली, ज्यांना उचलून नेले त्यांच्या घरच्यांच्या वाट्याला आलेले जिणे. आणीबाणीची चौकशी करणाऱ्या शहा आयोगाच्या अहवालानुसार महाराष्ट्रात या कायद्याखाली ५,४७३ जण स्थानबद्ध झाले. त्यांच्यामागे घर चालवणारी माणसे कुणी मोजली नाहीत.

शिक्षा झालेल्या कैद्याच्या घरी निदान सुटकेची तारीख ठाऊक असते. मिसात तीच नव्हती. कलम १६-अ प्रमाणे अटकेचे कारण खुद्द स्थानबद्धालाही सांगावे लागत नसे. मग दारात उभ्या बायकोला कोण सांगणार? मुलीचे लग्न उरकावे की लांबवावे, शेत बटाईने द्यावे की सालदारावर सोडावे, उसनवारी किती करावी, सगळे त्या तारखेपाशी अडे. जामनेरहून नाशिकरोडच्या कारागृहात भेटीला जायचे तर ‘पीजे’च्या, म्हणजे पाचोरा–जामनेर मार्गाच्या, छोट्या गाडीने शेंदुर्णीवरून पाचोरा गाठायचा आणि तिथे मोठ्या लाइनीची गाडी धरायची. एवढे करून भेट पहाऱ्यातली. पत्रेही तपासून जात, त्यामुळे त्यांत पाऊसपाणी, पिके, पोरांची परीक्षा एवढेच उरे. समाजवादी नेते मधु दंडवते बंगळूरच्या तुरुंगात आणि त्यांच्या पत्नी प्रमिलाताई येरवड्यात. या दोघांचा तर संसारच पत्रांवर चालला.

मात्र घरच्यांना खरा घोर होता तो आतल्या माणसाच्या जिवाचा, आणि तो अनाठायी नव्हता. पोलिसाने वैयक्तिक वैरातून कुणाचा जीव घेतला तर दाद कुठे मागायची, असे स्थानबद्धांच्या अर्जांच्या सुनावणीत न्या. हंसराज खन्ना यांनी सर्वोच्च न्यायालयात विचारले. आणीबाणी आहे तोवर कुठेच नाही, असे महान्यायवादी निरेन डे यांचे उत्तर होते. २८ एप्रिल १९७६ रोजी न्यायालयाने बहुमताने सरकारची बाजू उचलून धरली. खन्ना एकटे विरोधात राहिले. त्याआधीच, मार्चमध्ये, केरळात राजन हा अभियांत्रिकीचा विद्यार्थी पोलिस छावणीत मारला गेला होता. वडील ईच्चर वारियर त्याच्या शोधात दारोदार फिरले, पण न्यायालयात अर्ज करता आला तो आणीबाणी उठल्यावर. मुलाचा मृतदेह त्यांना कधीच मिळाला नाही.

महाराष्ट्र शासनाने २०१८ मध्ये मिसाबंदींना मानधन सुरू केले, २०२० मध्ये ते बंद झाले आणि २०२२ मध्ये पुन्हा चालू झाले. त्यात पत्नीचा वा पतीचा हक्क धरला आहे, पण बंदिवानाच्या मृत्यूनंतरच, आणि तोही निम्म्या रकमेवर.