दोन पेन्सिल सेल

चंदीगडच्या ट्रान्झिट कॅम्पात रजेवरून परतणाऱ्या फौजीचं मुख्य काम म्हणजे वाट पाहणं. लेहला बर्फ, विमान रद्द. दुसऱ्या दिवशी पुन्हा पहाटे उठायचं, सामान तोलायचं, रांगेत बसायचं आणि उन्हं वर आली की परत बराकीत. ज्यांनी हे केलंय त्यांना जास्त सांगायला नको. या खेपेला तिसऱ्या दिवशी मी पिट्टूतून माझा जुना गेम बॉय अ‍ॅडव्हान्स काढला आणि टेट्रिस लावला. बाजूच्या खाटेवर बीडचा एक अग्निवीर होता. बराच वेळ टक लावून बघत होता, शेवटी म्हणाला, "उस्ताद, हा कुठला मोबाईल?"

मोबाईल नव्हे म्हटल्यावर त्याने तो हातात घेऊन उलटापालटा केला. सिम कुठे घालायचं? चार्जर कुठे लावायचा? मागचं झाकण सरकवल्यावर दोन पेन्सिल सेल दिसले तेव्हा त्याला हसूच आलं. "एवढ्यावर चालतो?"

चालतो. आणि का चालतो, ती गोष्ट मोठी आहे. त्याला तुकड्यातुकड्याने सांगितली, इथे सलग लिहितो.

जपानमध्ये क्योतो शहरात निन्टेन्डो ही कंपनी १८८९ साली सुरू झाली ती पत्ते बनवण्यासाठी. हानाफुदा नावाचे फुलांच्या चित्रांचे पत्ते. १९६५ साली तिथे गुनपेई योकोई नावाचा तरुण नोकरीला लागला. दोशिशा विद्यापीठातून इलेक्ट्रॉनिक्स शिकलेला, पण काम मिळालं पत्ते छापणाऱ्या यंत्रांच्या देखभालीचं. आपल्याकडे ईएमईच्या वर्कशॉपात नवीन आलेल्या पोराला दिवसभर ग्रीस लावायला बसवतात, तसंच. रिकाम्या वेळात त्याने स्वतःच्या गमतीसाठी लांब होणारा, कात्रीसारख्या पट्ट्यांचा एक खोटा हात बनवला. कंपनीचे प्रमुख हिरोशी यामाउची यांच्या नजरेला तो पडला. ओरडा बसायचा तर उलट हुकूम मिळाला, याचं खेळणं कर. १९६६ साली 'अल्ट्रा हँड' बाजारात आला आणि दहा लाखांवर विकला गेला. ग्रीसवाला माणूस खेळणी तयार करणाऱ्या विभागात गेला.

पुढची हकीकत आगगाडीतली आहे. शिंकान्सेनमध्ये योकोईंना एक कंटाळलेला नोकरदार दिसला, वेळ जावा म्हणून कॅल्क्युलेटरची बटणं उगाच दाबत बसलेला. तेव्हा जपानी कंपन्यांमध्ये कॅल्क्युलेटरची जबरदस्त स्पर्धा चालली होती आणि त्यामुळे एलसीडी पडदे आणि त्यांच्या चिप्स स्वस्त झाल्या होत्या. त्याच मालातून १९८० साली 'गेम अँड वॉच' निघालं. खिशात मावणारं, बटन सेलवर चालणारं, एका यंत्रात एकच खेळ आणि वर घड्याळ. दोन वर्षांनी त्याच मालिकेतल्या 'डाँकी काँग'साठी योकोईंनी अधिकच्या चिन्हासारखं चार दिशांचं बटण बसवलं. आज कुठलाही गेमचा कंट्रोलर हातात घ्या, डाव्या अंगठ्याखाली तेच असतं.

योकोईंच्या विचारपद्धतीला त्यांनी स्वतःच एक नाव दिलं होतं. मराठीत सांगायचं तर 'वाळलेल्या तंत्राचा आडवा विचार'. वाळलेलं म्हणजे टाकाऊ नव्हे. आपण लोणचं मुरलं म्हणतो ना, तसं मुरलेलं. जे तंत्र जुनं झालं, स्वस्त झालं, ज्याच्या सगळ्या खोड्या माहीत झाल्या, ते घ्यायचं आणि जिथे कुणी वापरलं नाही तिथे वापरायचं. फौजेत हे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. नवीन सेट आला की जुना सिग्नलवाला त्याचे गुण विचारत नाही, पहिला प्रश्न असतो, "सेल कौनसा लगता है?"

२१ एप्रिल १९८९ ला जपानमध्ये गेम बॉय आला. कागदावर बघाल तर दरिद्री यंत्र. पडदा १६० बाय १४४ ठिपक्यांचा, रंग नाहीत, नुसत्या हिरवट-करड्या चार छटा आणि मागून उजेड नाही. मेंदू म्हणून शार्प कंपनीची जी चिप होती तिचं घराणं १९७०च्या दशकातल्या इंटेल ८०८० आणि झेड ८० या चिप्सचं. स्मृती ८ किलोबाइट. त्याच वर्षी अमेरिकेत अटारीने 'लिंक्स' आणला. रंगीत पडदा, मागून उजेड, सगळं झकपक. पुढच्या वर्षी सेगाचा 'गेम गिअर' आला, तोही रंगीत. या दोघांना सहा-सहा पेन्सिल सेल लागायचे आणि ते चार-पाच तासांत बसायचे. गेम बॉयला चार सेल लागत आणि ते पंधरा तास सहज जात. किंमत अमेरिकेत सुमारे ९० डॉलर, लिंक्सची दुप्पट. पुढे रंगीत गेम बॉय धरून एकूण ११ कोटी ८७ लाख यंत्रं विकली गेली.

सगळं श्रेय एकट्या योकोईंना देणंही बरोबर नाही. त्यांचे सहकारी सातोरु ओकादा यांनी नंतर सांगितलंय की योकोईंच्या मनात गेम अँड वॉचसारखंच साधं खेळणं होतं. दमदार, वर्षानुवर्षं नवीन कार्ट्रिज घेत राहील असं यंत्र करण्याचा हट्ट ओकादांचा. म्हणजे एकाने काटकसर धरली, दुसऱ्याने पल्ला धरला. अशी जोडी जमली की कंपनी चांगली चालते, आणि इथे मी 'कंपनी' आपल्या अर्थाने म्हणतोय.

आता टेट्रिस. हा खेळ मॉस्कोचा. १९८४ साली सोव्हिएत विज्ञान अकादमीच्या संगणक केंद्रात अलेक्सेई पाजितनोव यांनी तो 'एलेक्ट्रोनिका ६०' या संगणकावर लिहिला. त्या यंत्राला चित्रं काढता येत नव्हती म्हणून विटा कंसांच्या चिन्हांनी दाखवल्या होत्या. सरकारी नोकरीत केलेलं काम, त्यामुळे हक्क सरकारचे. १९८९च्या फेब्रुवारीत हेंक रॉजर्स हा व्यावसायिक मॉस्कोत जाऊन सरकारी कचेरीच्या दारात उभा राहिला आणि हातात धरायच्या यंत्रांसाठीचे हक्क निन्टेन्डोच्या पदरात पडले. पोरांनाच विकायचं असेल तर सोबत मारिओ द्या, सगळ्यांना विकायचं असेल तर टेट्रिस द्या, असं त्याचं म्हणणं होतं. अमेरिकेत गेम बॉयच्या खोक्यातच टेट्रिस गेला. खुद्द पाजितनोव यांना आपल्या खेळाची रॉयल्टी मिळू लागली ती १९९६ पासून. पेन्शनच्या फायलीमागे फिरलेल्या माजी सैनिकांना यात नवल वाटणार नाही.

आपल्याकडे गेम बॉय फारसा पोहोचलाच नाही, पण टेट्रिस पोहोचला. नव्वदच्या दशकात जत्रेत प्लॅस्टिकचा 'ब्रिक गेम' मिळायचा, '९९९९ इन १' असं छापलेला. आमच्या साताऱ्याकडच्या गावात तो एका पोराकडे आला की आळीभर फिरायचा. ९९९९ खेळ म्हणजे त्याच दहा-बारा खेळांचे वेग बदललेले अवतार, हे कळायला आम्हाला वर्ष लागलं. विटांचा खेळ रशियन सरकारी नोकराचा आहे, हे मात्र मला कळलं तेव्हा माझ्या खांद्यावर फीत लागली होती.

सैनिकांचा आणि गेम बॉयचा संबंध जुना आहे. १९९१च्या आखाती युद्धातून एका अमेरिकन सैनिकाचा भाजून निघालेला गेम बॉय न्यूयॉर्कमधल्या निन्टेन्डोच्या दुकानात अनेक वर्षं काचेत ठेवला होता. बराकीवरच्या बॉम्बहल्ल्यात तो सापडला, असं पाटीवर लिहिलेलं. पुढचं प्लॅस्टिक वितळून पुरळ आल्यासारखं झालेलं आणि पडद्यावर टेट्रिस चालू. १९९३ साली अंतराळवीर अलेक्सांद्र सेरेब्रोव यांनी आपला गेम बॉय मीर स्थानकावर नेला, त्यातही टेट्रिसच. लिंक्स कुणी तिथे नेल्याचं ऐकिवात नाही. सहा सेल तिथे कुणी पोचवायचे?

खुद्द योकोईंचा शेवट चांगला झाला नाही. १९९५ साली त्यांचं 'व्हर्च्युअल बॉय' साफ आपटलं. नुसत्या लाल रंगात खोली दाखवणारं, डोळे दुखवणारं यंत्र. पुढच्या वर्षी त्यांनी निन्टेन्डो सोडली, स्वतःची छोटी कंपनी काढली. ४ ऑक्टोबर १९९७ ला महामार्गावर त्यांच्या गाडीची किरकोळ धडक झाली. बघायला खाली उतरले आणि मागून आलेल्या दुसऱ्या गाडीने उडवलं. वय ५६.

माझ्या हातातला गेम बॉय अ‍ॅडव्हान्स त्यांच्या मागे, २००१ साली आला. जुनी कार्ट्रिजं चालवणारा, रंगीत, ताकदवान, पण वळण घराण्याचंच. पडद्याला उजेड नाही आणि सेल दोन. खिडकीशी बसल्याशिवाय काही दिसायचं नाही. लोक इतके वैतागले की २००२ मध्ये 'आफ्टरबर्नर' नावाचा एक संच विकायला आला. यंत्र उघडायचं आणि पडद्यासमोर दिव्याचा पातळ थर बसवायचा. इथून फेरफाराची ही सगळी परंपरा सुरू होते. पुढच्या वर्षी कंपनीने स्वतःच दिवा असलेलं घडीचं मॉडेल काढलं. गेल्या काही वर्षांत तर मोबाईलसारखे लख्ख आयपीएस पडदे या जुन्या यंत्रांसाठी मिळू लागलेत.

माझ्याकडे हे यंत्र आलं कांगड्याच्या आमच्या सुभेदारसाहेबांकडून. हवालदार असताना ते संयुक्त राष्ट्रांच्या मोहिमेवर लेबनॉनला होते, तिथून मुलासाठी आणलेलं. पेन्शनला जाताना काळी ट्रंक रिकामी करताना हातात आलं. "देख ले, चलता है तो तू रख ले." आत पोकेमॉन रेडची कार्ट्रिज खोचलेली होती.

पीस स्टेशनला असताना मी पडदा बदलला. तीन पात्यांच्या स्क्रूसाठी वेगळा पेचकस लागतो. आतल्या बोर्डाला कधी ३२ पिनांची पट्टी असते, कधी ४० पिनांची, म्हणून संचात दोन्ही येतात. नवीन पडदा मोठा, तेव्हा आतलं प्लॅस्टिक थोडं कापावं लागतं. मी जरा जास्तच कापलं, कोपऱ्यात अजून फट दिसते. उजेड कमी-जास्त करायची एक तार सोल्डर करायची होती, ती आमच्या एका क्राफ्ट्समनने रविवारी लावून दिली. पहिल्यांदा चालू केला तेव्हा खरंच बरं वाटलं. मग सेल मोजायला लागलो. पूर्वी जे सेल पंधरा तास जायचे ते आता निम्म्यावर संपतात. योकोईंनी १९८९ मध्ये जो हिशेब केला होता तो माझ्या पिट्टूत पुन्हा मांडला गेला. वर थंडीत साधे सेल तर लगेच मान टाकतात, ते आतल्या खिशात अंगाशी ठेवावे लागतात. सेल काढून मोबाईलसारखी चार्जिंगची बॅटरी बसवायचा संचही मिळतो. तो घेतला नाही. पेन्सिल सेल कॅन्टीनमध्ये मिळतो, टॉर्चमध्ये असतो, कुणाकडेही मागता येतो.

आणखी एक. २०२०च्या जुलैत लष्कराने फोनमधून ८९ अ‍ॅप काढायला सांगितली, त्यात पबजीही होतं. माझ्या यंत्रात सिम नाही, वायफाय नाही, कॅमेरा नाही, माईक नाही. तपासणाऱ्याने विचारलं तर उघडून दाखवतो. मेमरी कार्डावर शेकडो गेम घालून चालवायचं कार्ट्रिजही बाजारात आहे. ते मी ठाण्यावर कधीच आणत नाही. मेमरी कार्ड म्हटलं की प्रश्न येणार, आणि तो यायलाच हवा.

राहिली पोकेमॉनची कार्ट्रिज. या जुन्या कार्ट्रिजमध्ये खेळ कुठपर्यंत आला ते ज्या चिपमध्ये राहतं तिला आतला बटन सेल सतत जागं ठेवतो. तो सेल संपला की सगळं पुसलं. बदलायला काढला तरी पुसलं. वीस वर्षांत बऱ्याच कार्ट्रिज अशा गेल्यात. पहिल्यांदा लावली तेव्हा 'पुढे चालू' असा पर्याय दिसला आणि मी घाईने बंदच केली. आत साहेबांच्या मुलाचा खेळ होता, बाप लेबनॉनहून आल्यानंतरचा. आधी त्याची नक्कल काढायला हवी, त्यासाठी संगणकाला जोडायचं एक छोटं यंत्र मागवायला हवं, आणि ते पोस्टवर शक्य नाही. सात महिने कार्ट्रिज ट्रंकेत होती. सेल आधी जातो की माझी रजा आधी लागते, एवढंच.

या रजेत घरी नक्कल काढली. निघाली. जुना सेल मोजला तर धुगधुगी उरलेली. नवीन बसवला, नक्कल परत भरली, लावून पाहिली. पोराने ७१ तास खेळलेलं होतं आणि नायकाचं नाव ठेवलं होतं 'फौजी'.

सुभेदारसाहेबांना फोन लावला. बराच वेळ ते काही बोलले नाहीत, मग म्हणाले, "मुझे तो कभी बताया नहीं." मुलगा आता स्वतः आसामात पोस्टिंगवर आहे. संध्याकाळी त्याचा मला फोन आला. त्याला काहीच आठवत नव्हतं, गेम बॉयचा रंगसुद्धा नाही. तरी म्हणाला, "सर, कार्ट्रिज घर भेज दीजिए, पापा के पास." स्पीड पोस्टाने पाठवली.