तगादा

वाघोलीत वाघेश्वराच्या देवळाजवळ चहा घेत होतो. शेजारच्या बिल्डिंगमधल्या डंपरवाल्यानं मोबाइल माझ्यापुढं धरला. ॲपवरून काढलेल्या कर्जाचे तीन हप्ते थकलेले. मेसेजमधलं मराठी मोडकं, धमकी मात्र ठणठणीत: उद्या पोलीस येऊन अटक करतील. "काका, खरंच नेतात का हो?"

मी काही वकील नव्हे, शब्दांचा नादी. त्यामुळे मला आधी 'तगादा' आठवला. हा शब्द अरबी, फारसीच्या वाटेनं आपल्याकडे आला. त्याच्या मुळाशी निवाडा करणे, फेडणे या अर्थाचा जो धातू आहे, त्यातूनच काजी निघाला आणि कज्जाही. भांडण, ते तोडणारा आणि पैशासाठी दारात उभा राहणारा, तिघं एकाच घरातले!

पेशवाईत तगादा नुसता तोंडी नसे. इंग्रज अधिकारी एल्फिन्स्टननं 1819 च्या अहवालात त्याचे प्रकार नोंदवलेत. सुरुवात साध्या मागणीनं. मग ऋणकोला घराबाहेर पडू द्यायचं नाही, जेवू द्यायचं नाही. त्याहून पुढं, भर उन्हात डोक्यावर जड धोंडा देऊन एका पायावर उभं करायचं. (खाणींच्या या गावात धोंड्याला तोटा नाही, असं डंपरवाला मध्येच म्हणाला.) ऋणको वरचढ असेल तर धनको त्याच्या दारात उपाशी बसे आणि तो उठेपर्यंत ऋणकोलाही घास घेता येत नसे. याचं नाव धरणे. पगार थकला की शिपाईही सरदाराच्या दारात असेच बसत. वाघोली तर सरदार पिलाजीराव जाधवरावांची. इथं हा शब्द कुणाला समजावून सांगावा लागला नसेल. पुढं भारतीय दंड संहितेच्या कलम 508 मध्ये दारात धरणे धरून बसणं हे गुन्ह्याचं उदाहरण म्हणून आलं. आज आपण तेच धरणे कलेक्टर कचेरीसमोर धरतो.

तगादा आणि अटक यांच्यामध्ये आता एक शब्द आडवा उभा आहे, दरखास्त. फारसीत याचा अर्थ साधी विनंती. आपल्या कोर्टांत मात्र हुकूमनाम्याच्या बजावणीसाठी केलेला अर्ज म्हणजे दरखास्त. आधी दावा, मग हुकूमनामा, मग दरखास्त. त्यानंतरही एरवी थेट वॉरंट नाही; तुरुंगात का पाठवू नये याचं कारण दाखवा, अशी नोटीस आधी येते. माणूस पळून जाईल असं कोर्टाला वाटलं तर गोष्ट निराळी. तुरुंगात धाडायचं तर पैसे असून देत नाही किंवा लबाडीनं मालमत्ता दडवतो, असं काही दिसावं लागतं. नुसती गरिबी पुरत नाही. 1980 साली जॉली जॉर्ज वर्गीस खटल्यात सुप्रीम कोर्टाचे न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी हे ठणकावून सांगितलं. पैशाच्या हुकूमनाम्यासाठी बाईला अटक नाहीच. सूर्य मावळल्यावर बेलीफाला घरात शिरता येत नाही. चेक वटला नाही किंवा फसवणूक केली, तर तो फौजदारी मामला. फौजदारीतली 'फौज' तिथं, आपल्या या दिवाणी दाव्यात 'दिवाण'.

मला सगळ्यात गोड वाटतो तो भत्ता. बरेच जण त्याचं नातं भाताशी जोडतात, दोन्हींच्या मागं संस्कृत 'भक्त', म्हणजे अन्न. दिवाणी तुरुंगात कर्जदाराला ठेवायचं तर त्याच्या निर्वाहाचा भत्ता धनकोनं आगाऊ भरायचा. दोनशे वर्षांपूर्वी ज्यानं घास अडवला असता, त्यालाच आता घासाचे पैसे मोजावे लागतात! ठेवायचं तेही जास्तीत जास्त तीन महिने. सुटला म्हणून कर्ज मात्र सुटत नाही, हेही मी डंपरवाल्याला सांगितलं. त्याचा चेहरा जरा पडला.

तेवढ्यात फोन वाजला, तोच नंबर. इतके दिवस तो कापत होता. या वेळी उचलला, स्पीकरवर टाकला आणि म्हणाला, "हां साहेब, दरखास्त नंबर सांगा."