खंजेरी आणि बेचाळीसचा श्रावण

मैफल म्हटले की जुन्या माणसांना गादी-तक्क्या आठवतो आणि आजच्या पोरांना विजेचे दिवे व मोठाले कर्णे. १९६९ च्या ऑगस्टात अमेरिकेतील न्यूयॉर्क राज्यात बेथेल गावाजवळ वुडस्टॉकचा संगीतमेळा भरला. चारेक लाख तरुण तीन दिवस चिखलात बसून गाणी ऐकत राहिले आणि जगाने त्याची पुराणकथा केली. त्या पोरांना आम्ही हसणार नाही. व्हिएटनामच्या युद्धाला विटलेली ती पिढी होती. परंतु आंजीत उभे राहून बोलावयाचे तर त्याआधी सत्तावीस वर्षांचा दुसरा एक ऑगस्ट आम्हांस सांगितला पाहिजे. त्यात वाद्य होते खंजेरी.

खंजेरी म्हणजे काय? हातभराहून लहान लाकडी कडे, एका तोंडाला चामडे, कडेच्या खाचांत पितळी चकत्या. गरिबाला परवडावी अशी वस्तू. यावलीस १९०९ साली जन्मलेल्या तुकडोजी महाराजांनी ती हाती घेतली आणि वऱ्हाड-नागपूरकडची गावेच्या गावे रात्ररात्र बसवून ठेवली. महाराजांचे शाळेतले शिक्षण जेमतेम होते, हे सांगताना आम्हांस थोडे सुख होते. आमचेही तसेच आहे. १९३६ साली गांधीजींनी त्यांना सेगावी बोलावून घेतले. पुढे त्याच सेगावचे सेवाग्राम झाले.

या भजनाची रीत पाहा. म्हणणारा एक ओळ सांगतो, मागचे साथीदार ती उचलतात, आणि तिसऱ्या खेपेस सारे मैदान म्हणू लागते. अक्षरओळख नसलेल्या बाईलाही ते घरी जाताना पाठ असते. मराठी चालते, हिंदीही चालते. देवाच्या नावातच गाव झाडण्याची, दारू सोडण्याची आणि गुलामी झुगारण्याची गोष्ट येते. पत्रक जप्त करता येते. पाठ झालेल्या ओळीचे सरकार काय करणार?

९ ऑगस्ट १९४२ रोजी पुढारी पकडले गेले. खेड्यांत सांगावयास कोणी उरले नाही, परंतु महाराजांची भजने लोकांच्या तोंडी होती. १६ ऑगस्टला, नागपंचमीच्या दिवशी, आपल्या जिल्ह्यात आष्टीला आणि चांदा जिल्ह्यात चिमूरला लोक निघाले. दोन्ही ठिकाणी गोळ्या चालल्या. चिमूरला बालाजी रायपूरकर हा सोळा वर्षांचा मुलगा पडला. मग जमाव खवळला आणि सरकारी अधिकारी मारले गेले. हे सांगणे सुखाचे नाही, पण गाळून सांगितलेला इतिहास आम्हांस मान्य नाही. पुढे चिमूरला फौज आली आणि तिने बायकांची जी विटंबना केली तिची चौकशी व्हावी म्हणून प्राध्यापक भन्साळींनी साठाहून अधिक दिवस उपास केला. अनेकांना फाशीच्या शिक्षा झाल्या. त्या रद्द व्हाव्यात म्हणून देशभर ओरड झाली.

२८ ऑगस्टला चांद्यात महाराजांना पकडले. आधी नागपूरचा तुरुंग, मग रायपूरचा.

आता भजनामुळे हे सारे घडले काय? नाही. लढाईची महागाई आणि वर्षानुवर्षांचा अपमान आधीच साठला होता. गाण्याने तो निर्माण केला नाही. गाण्याने एवढेच केले की शेजाऱ्याचाही तोच राग आहे हे प्रत्येकाला ऐकू आले. आमच्या कामात आम्ही हे पाहिले आहे. एका जिनिंगच्या फाटकावर आम्ही धरणे धरले होते. मागण्यांचा कागद मालकाच्या माणसाने न वाचताच ठेवून दिला. संध्याकाळी एका हमालाने पिशवीतून खंजेरी काढली आणि तीसेक माणसे एका सुरात म्हणू लागली. तेव्हा मात्र तो बाहेर आला आणि म्हणाला, "बाप्पा, हे पहिले बंद करा. कागदाचं उद्या पाहू."

डिसेंबरात महाराज सुटले आणि १९४३ साली त्यांनी गुरुदेव सेवा मंडळ उभे केले. याला आम्ही फार मोठे मानतो, कारण मैफल उठली की माणसे पांगतात, हे त्यांनी ओळखले होते. म्हणून संध्याकाळची ठरलेली सामुदायिक प्रार्थना आली, गावसफाई आली, पुढे ग्रामगीता आली. वारसाही चालू राहिला. सत्यपाल महाराजांनी सात खंजेऱ्या एकदम वाजवून अंधश्रद्धेवर कोरडे ओढले. २००५ साली नागपूर विद्यापीठाला राष्ट्रसंतांचे नाव मिळाले. आनंद आहे. परंतु भजनस्पर्धांतून ताल आणि पोशाख तपासणारे परीक्षक आम्ही पाहतो, तेव्हा या वाद्यासाठी माणसे तुरुंगात गेली होती हे त्यांना कोणी सांगितले आहे की नाही, अशी शंका येते.

११ ऑक्टोबर १९६८ रोजी महाराज गेले. दर पुण्यतिथीला मोझरीस लाखो माणसे जमतात. दुपारचे ४ वाजून ५८ मिनिटे झाली की सारे उभे राहतात. तेवढा वेळ एकही खंजेरी वाजत नाही. मग पुन्हा प्रार्थना सुरू होते.