नाना शंकरशेट : पत कमावलेला माणूस

आपल्या सोसायटीतले निम्मे लोक रोज सकाळी लोकल पकडायला धावतात. ही आगगाडी मुंबईत यावी म्हणून ज्यांनी खटपट केली, त्यांचे नाव मात्र ग्रँट रोडच्या 'नाना चौका'पुरतेच आपल्या ओळखीचे असते. स्मरणिकेसाठी लेख मागितला गेला, तेव्हा ठरवले की जगन्नाथ ऊर्फ नाना शंकरशेट यांच्यावरच लिहायचे.

नानांचा जन्म १८०३ सालचा, दैवज्ञ समाजातल्या श्रीमंत व्यापारी घराण्यातला. १८२२ साली वडील वारले आणि ऐन तारुण्यात सगळा कारभार अंगावर पडला. माझे आयुष्य बँकेत गेले, म्हणून त्यांची एक गोष्ट मला फार मोठी वाटते. अरब आणि अफगाण व्यापारी आपले धन बँकेत ठेवण्याऐवजी नानांकडे ठेवीत. आम्ही बँकवाले याला 'पत' म्हणतो. पैसा वारशाने मिळतो हो, पत ज्याची त्याला कमवावी लागते.

ही पत नानांनी फक्त धंद्यात वापरली नाही. १८४० साली स्थापन झालेल्या बोर्ड ऑफ एज्युकेशनवर ते होते. बोर्डाचे अध्यक्ष सर अर्स्किन पेरी यांचा भर इंग्रजी शिक्षणावर. ते सरन्यायाधीशपदापर्यंत पोचलेले गृहस्थ, पण नानांनी त्यांच्यासमोर ठामपणे मांडले की सामान्य लोकांपर्यंत विद्या न्यायची तर ती त्यांच्या भाषेतूनच. एल्फिन्स्टनच्या तरुणांनी मुलींच्या शाळा काढल्या, तेव्हा लोकांचा विरोध असतानाही नानांनी आपल्या गिरगावच्या वाड्यात जागा दिली.

१८४५ साली सर जमशेटजी जीजीभाईंबरोबर त्यांनी रेल्वेसाठी प्रयत्न सुरू केले. पुढे जी.आय.पी. रेल्वे कंपनीच्या संचालकांत हे दोघे होते. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्यापर्यंत ३४ किलोमीटर गाडी धावली.

राजकारणाची सुरुवात त्याच्या आधीच झाली होती. २६ ऑगस्ट १८५२ रोजी 'बॉम्बे असोसिएशन' स्थापन झाली. नाना तिचे अध्यक्ष आणि डॉ. भाऊ दाजी चिटणीस. हिंदी लोकांची गाऱ्हाणी एकत्र मांडणारी ही मुंबईतली पहिली राजकीय संस्था. कंपनीच्या सनदेचा प्रश्न पार्लमेंटपुढे आला, तेव्हा संस्थेने तिथे अर्ज धाडला. दंगा नाही, आरडाओरडा नाही. सभा, ठराव, सह्या आणि अर्ज! आपण सोसायटीत आज हेच करतो.

मग आले १८५७. उठावाच्या धामधुमीत सरकारला नानांचाच संशय आला. आयुष्यभर सनदशीर मार्गाने चाललेला माणूस, पण कुजबुज सुरू झाली आणि चौकशी झाली. तीस-पस्तीस वर्षांची पत एका संशयाने पणाला लागली. चौकशीत काही निघाले नाही. दुसरा कुणी असता तर म्हणाला असता, 'पुरे झाली ही लष्कराच्या भाकरी भाजण्याची हौस.' नाना घरी बसले नाहीत. १८६१ च्या कायद्याने मुंबईचे कायदेमंडळ आले, त्याच्या पहिल्या हिंदी सभासदांत ते होते. ३१ जुलै १८६५ रोजी त्यांचे निधन झाले.

त्यांच्या नावाची संस्कृतची शिष्यवृत्ती पुढे मॅट्रिकला मिळू लागली. १९१२ साली ती मिळवणाऱ्या एका मुलाचे नाव चिंतामण देशमुख. हेच पुढे रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर झाले! बँकेतल्या माणसाला याचा आनंद जरा जास्तच होतो.

आता थोडे आपल्याविषयी. वार्षिक सभेत कमिटीसाठी नावे मागितली की सगळे खाली बघतात. मीही बघितले आहे. 'काम करा आणि वर लोकांचे संशय ऐका, कुणी सांगितलंय?' असे आपण म्हणतो. संशय नानांनाही चुकला नाही. त्यांचे वागणे चोख होते म्हणून ते त्यातून तरले, आणि तरल्यावर पुन्हा कामाला लागले. पंचवीस वर्षे ज्यांनी आपल्या सोसायटीचे हिशेब सांभाळले, पाण्यासाठी खेपा घातल्या आणि वर बोलणीही खाल्ली, त्यांना या निमित्ताने नमस्कार. पुढच्या सभेत तरुणांनी मान वर करावी, एवढीच विनंती.