छावणी, मैदान आणि भायखळ्याची मतपेटी

१९३७ सालच्या फेब्रुवारीत मुंबई इलाख्याच्या विधिमंडळाची निवडणूक झाली. भायखळा-परळ मतदारसंघातील राखीव जागेसाठी स्वतंत्र मजूर पक्षातर्फे डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे होते. त्यांच्यासमोर काँग्रेसने उभे केले होते बाळू पालवणकर, एके काळचे हिंदुस्थानातील अव्वल गोलंदाज. बाबासाहेबांना १३,२४५ मते पडली, बाळूंना ११,२२५. 'काँग्रेसने वापरलेला माणूस' एवढ्या एका वाक्यात आपण बाळूंची बोळवण करतो. पण गिरणगावातल्या अकरा हजारांवर लोकांनी ज्याला मत दिले, त्याचे आयुष्य समजून घेणे हे आपलेच काम आहे.

दोघांचीही मुळे छावणीत आहेत. बाबासाहेब सुभेदार रामजींचे पुत्र. बाळूंचे चर्मकार वडीलही लष्कराच्याच चाकरीत. गावगाड्याबाहेर पडायची एकमेव वाट म्हणजे पलटण, असा तो काळ होता. गोऱ्या अंमलदारांचा खेळ अस्पृश्यांच्या मुलांनी पाहिला तो तिथेच. पुण्यात पारशी क्लबवर खेळपट्टी झाडायला आणि लोटायला बाळूंना महिना ३ रुपये मिळत. पुढे युरोपियनांच्या क्लबात ४ रुपये झाले. तिथे साहेबांना सराव देता देता हा डावखुरा फिरकी गोलंदाज तयार झाला. खेळ ही त्यांची हौस नव्हती, चाकरी होती.

पुण्याच्या हिंदूंना युरोपियनांना हरवायचे होते, म्हणून बाळू संघात आले. त्यांनी टाकलेला चेंडू सवर्ण खेळाडू हाताने झेलत. चहाची वेळ झाली की तेच बाळू बाहेर, मातीच्या भांड्यात चहा घेत. जेवणाचे पानही वेगळे. चेंडूला विटाळ नव्हता, पेल्याला होता. १९०६ साली मुंबईत हिंदू संघाने युरोपियनांचा पराभव केला, त्यात बाळूंच्या गोलंदाजीचा मोठा वाटा होता. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी ११४ बळी घेतले. तरी हिंदू संघाचे कर्णधारपद त्यांच्या वाट्याला आले नाही. १९२० साली विठ्ठल आणि शिवराम या त्यांच्या भावांनी अन्यायाविरुद्ध संघातून अंग काढून घेतले, तेव्हा कुठे बाळू उपकर्णधार झाले. १९२३ मध्ये विठ्ठल कर्णधार झाले.

हाच न्याय लष्करातही दिसतो. ज्यांच्या तलवारीवर कंपनी सरकारने राज्य मिळवले, त्या महारांची भरती १८९० नंतरच्या दोन-तीन वर्षांत बंद करण्यात आली. गोपाळबाबा वलंगकरांनी १८९४ मध्ये विनंतीपत्र लिहिले. सरकारने दाद दिली नाही. पहिल्या महायुद्धात माणसे कमी पडू लागली आणि १९१७ साली १११ वी महार पलटण उभी राहिली. युद्ध संपले, गरज सरली, आणि १९२१ मध्ये ती मोडली गेली. लढाईपुरता शिपाई आणि सामन्यापुरता गोलंदाज: दोघांचेही मोल संकटाच्या घटकेपुरते.

या अनुभवातून दोन माणसांनी दोन निष्कर्ष काढले. बाळूंना वाटले, गुणांनी समोरच्याचे मन वळते. भावांच्या माघारीनंतर संघ झुकला, हे त्यांनी पाहिले होते. १९३२ मध्ये ते गांधीजींच्या बाजूने उभे राहिले आणि पुणे करारावर त्यांचीही सही आहे. बाबासाहेबांनी मोडलेल्या पलटणीकडे पाहिले. मेहेरबानीने मिळालेले मेहेरबानी संपली की जाते, म्हणून हक्क कायद्यात लिहून घेतला पाहिजे, हा त्यांचा आग्रह. दुसऱ्या महायुद्धात तरुणांनी सैन्यात जावे असे सांगताना त्यांनी स्वतंत्र पलटणीची मागणी लावून धरली. ऑक्टोबर १९४१ मध्ये बेळगावला महार रेजिमेंट स्थापन झाली. ती युद्धानंतर मोडली गेली नाही, आजही आहे.

भायखळा-परळच्या मतदारांनी १९३७ साली दोन हजार मतांच्या फरकाने कौल दिला. तो बाळूंच्या कर्तृत्वाविरुद्ध नव्हता. गुणवान अस्पृश्याने सवर्णांच्या संघात जागा मिळवली म्हणजे समाजाला जागा मिळाली, या समजुतीविरुद्ध तो होता. बाळू जुलै १९५५ मध्ये मुंबईत वारले. त्यांचे राजकारण नाकारण्याचा आपल्याला अधिकार आहे. पण ज्या चहाच्या मातीच्या भांड्याने त्यांचा पाणउतारा केला, ते आपल्याही इतिहासाचे भांडे आहे, म्हणून त्यांचे नाव आपल्याच इतिहासात राहिले पाहिजे.