देवीचा डॉक्टर

आमच्या आमगाव-सालेकसा भागात देवीला कोणी रोग म्हणत नव्हतं. "माता आली" म्हणत. दाराला कडुनिंबाचा डगाळा दिसला की परक्यानं त्या घरात जायचं नाही, घरच्यांनी फोडणी द्यायची नाही, मातामायच्या ठाण्यावर पाणी घालायचं. यातली निम्मी गोष्ट, म्हणजे दुखणाईत वेगळा ठेवणं, आजचा डॉक्टरही सांगेल. पण लस या रीतीत बसत नव्हती. माता म्हणजे घरची पाहुणी. ती यायच्या आधीच दंडाला जखम करायची, म्हणजे पाहुणीला दारातून हाकलणं.

लस आपल्याकडे काही काल-परवा आली नव्हती. १४ जून १८०२ ला मुंबईत ॲना डस्टहॉल या तीन वर्षांच्या मुलीला पहिली टोचणी झाली. पुढे एका पोराच्या दंडावरचा फोड फोडून ती लस दुसऱ्या पोराला द्यायचे. कोणाच्या अंगातलं पाणी कोणाच्या अंगात, हा प्रश्न जातपात मानणाऱ्या मुलखात उठणारच. मग वासराच्या अंगावर लस तयार होऊ लागली, तर गाईचा प्रश्न आला. १८८० चा सक्तीचा कायदाही शहरं आणि छावण्यांपुरताच होता. आणि विरोध करणारे आपणच अडाणी, असंही नाही. इंग्लंडात लेस्टर गावी १८८५ मध्ये सक्तीविरुद्ध हजारो माणसं रस्त्यावर आली, आणि १८९८ मध्ये तिथल्या सरकारनं मनाला न पटणाऱ्या आईबापांना सूट दिली.

आमच्या गावात अशी सूट कोण देणार? १९६२ पासून देवी निर्मूलनाचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला होता. गोंदिया तेव्हा भंडारा जिल्ह्यात. माझे बाबा शाळामास्तर, म्हणून टोचणीवाला आला की घरोघरच्या पोरांची यादी त्यांच्याकडेच. माझा जिवाचा मित्र दोन घरं सोडून राहायचा. बोडीवर मासोळ्या, जंगलात टेंभरं, सगळं बरोबर. त्याचे वडील मातामायचे भगत.

काकांचं म्हणणं मला तोंडपाठ आहे, कारण ते आमच्या ओसरीवर बसूनच बोलले होते. "गुर्जी, माह्या मोठ्या पोरीले टोचलं होतं नं? मंग माता कायले आली? पोरगी गेली नं माही. आता पोराले हात नाही लावू देत." बाबा म्हणाले, "एकीचं झालं म्हणून साऱ्यांचं होत नाही." काका उठून गेले.

काकांचं बोलणं नुसतं भाबडेपण नव्हतं, हे फार उशिरा वाचनातून कळलं. तेव्हाची पातळ लस उन्हात मरायची. बर्फाविना खेड्यापर्यंत पोचेस्तोवर तिच्यात जीव राहत नसे, आणि टोचलेलं पोरगं टोचूनही उघडंच राही. भुकटीची, वाळवलेली लस नंतर आली. तिचा मोठा साठा रशियानं दिला. जुनं हत्यारही भयंकर, दंडावर दाबून फिरवायची दातेरी चकती. जखम पिकायची, पोरगं आठ-आठ दिवस तापानं फणफणायचं. दोन टोकांची साधी सुई मागाहून आली.

टोचणीवाला पुन्हा आला त्या दिवशी काकूंनी पोराला धानाच्या रिकाम्या ढोलीत लपवलं. यादीत एक नाव उरलं. बाबांनी टोचणीवाल्याला ढोली दाखवली. दोघांनी त्याला बाहेर काढलं, एकानं हात धरला. तो ओरडत होता आणि काकू मातामायचं नाव घेत होत्या. मी आंगणात उभा होतो.

त्याला माता आली नाही. लस चांगली होती म्हणून, की माता त्या वर्षी गावात फिरकलीच नाही म्हणून, हे कोण सांगणार? पण दुसऱ्या दिवसापासून तो शाळेत दुसऱ्या रांगेत बसू लागला. काकांनी सांगितलं होतं, मास्तरच्या पोरासंग राहायचं नाही. आमच्या घरीही तेच, "त्या भगताच्या घरी जायचं नाही." मोठ्यांचं भांडण, आणि बोडी आमची वाटली गेली. तो सकाळी जायचा, मी दुपारी.

मी आजही बाबांच्या बाजूनं आहे. मे १९७५ नंतर देशात देवीचा रोगी सापडला नाही, आणि १९८० मध्ये साऱ्या जगातून देवी गेल्याचं जाहीर झालं. हे याद्या करणाऱ्या मास्तरांमुळे आणि पायी हिंडणाऱ्या टोचणीवाल्यांमुळेच झालं. तरी ढोली दाखवण्याआधी काकांच्या मेलेल्या पोरीबद्दल कोणीतरी दोन शब्द बोलायला हवे होते. बाबांनी ते केलं नाही, टोचणीवाल्यानंही नाही. तिची लस का लागली नसावी, हे काकांना मरेपर्यंत कोणी सांगितलं नाही.

१९९५ च्या डिसेंबरात पल्स पोलिओ सुरू झालं तेव्हा शाळेतल्या बूथवर मी बसलो होतो. तो कडेवर नात घेऊन आला. न बोलावता. "हे तोंडातच नं गा?" एवढंच विचारलं. मी म्हटलं, "हो, दोन थेंब." पोरीनं तोंड वाकडं केलं. बोटाला शाई लावून घेतली आणि तो निघाला. मी म्हटलं, चहा घे. म्हणाला, "बांधीवर मजूर थांबले हायेत."