टिळकांची उलटतपासणी घेणारा आयरिश माणूस : बंडखोर, मंत्री आणि शेवटी न्यायाधीश

परवा १ ऑगस्टला एका शाळेत टिळकांवर बोलायला गेलो होतो. नेहमीप्रमाणे शेंगांची टरफलं, मंडाले, गीतारहस्य हे सगळं झालं. शेवटी नववीतल्या एका मुलीनं उभं राहून विचारलं, "सर, टिळक लंडनला केस हरले ना? मग समोरचा वकील कोण होता?" नाव मला माहीत होतं, पण त्याच्याबद्दल चार वाक्यं धड सांगता आली नाहीत. घरी येऊन दोन रात्री वाचत बसलो. त्याचाच हा हिशेब. पोस्ट मोठी आहे, पण निवांत वाचा.

त्याचं नाव एडवर्ड कार्सन. जन्म १८५४, डब्लिन. बाप वास्तुविशारद, घर प्रोटेस्टंट, शिक्षण ट्रिनिटी कॉलेजात. त्याच वर्षी त्याच शहरात जन्मलेला आणि त्याच कॉलेजात शिकलेला दुसरा मुलगा म्हणजे ऑस्कर वाइल्ड. या दोघांची गाठ पुढे कोर्टातच पडायची होती.

१८७७ मध्ये कार्सन वकील झाला. त्या काळात आयर्लंडमधली कुळं जमीनदारांविरुद्ध उठली होती आणि सरकारनं दडपशाहीचा खास कायदा आणला होता. त्या कायद्याखाली खटले चालवायला सरकारला खमका माणूस हवा होता. कार्सन पुढे आला. १८८७ मध्ये मिचेल्सटाउनला पोलिसांनी जमावावर गोळ्या झाडल्या, तीन माणसं मेली. त्या दिवशी तो सरकारी वकील म्हणून तिथंच होता. लोकांनी त्याला 'दडपशाहीवाला कार्सन' असंच नाव ठेवलं. त्याला त्याचं काही वाटलं नाही. १८९२ मध्ये तो आयर्लंडचा सॉलिसिटर जनरल झाला आणि त्याच वर्षी खासदारही.

मग लंडन. १८९५ मध्ये वाइल्डनं एका उमरावावर अब्रुनुकसानीची फिर्याद केली आणि उमरावाची वकिली घेतली कार्सननं. वाइल्डनं सुरुवातीलाच आपलं वय एकोणचाळीस सांगितलं, कार्सननं लगेच चाळीस सिद्ध करून दाखवलं. गोष्ट छोटी, पण साक्षीदार खोटं बोलतो हे ज्युरीच्या मनात बसलं. पुढे वाइल्डनं गमतीत दिलेलं एक उत्तर त्याच्याच अंगाशी आलं. फिर्याद मागे घ्यावी लागली, उलट त्याच्यावरच खटला झाला आणि दोन वर्षांची सक्तमजुरी.

पण माणूस एका रंगाचा नसतो. नौदलाच्या शाळेतल्या एका पोरावर पाच शिलिंगांची पोस्टल ऑर्डर चोरल्याचा आळ आला आणि त्याला काढून टाकलं. एवढ्याशा पैशांसाठी आख्ख्या नौदल खात्याशी कोण भांडणार? कार्सन भांडला. १९१० मध्ये सरकारला कोर्टात कबूल करावं लागलं की पोरगा निर्दोष आहे. तो आर्चर-शी नावाचा मुलगा चार वर्षांनी महायुद्धात मारला गेला. या खटल्यावर पुढे 'द विन्सलो बॉय' हे नाटक आलं.

आता मुख्य भाग. आयर्लंडला स्वतःचं पार्लमेंट द्यायचं, म्हणजे 'होमरूल', असं लंडनमध्ये चाललं होतं. उत्तरेकडच्या अल्स्टर प्रांतातल्या प्रोटेस्टंटांना ते नको होतं. त्यांचा पुढारी झाला कार्सन. २८ सप्टेंबर १९१२ ला बेलफास्टच्या सिटी हॉलमध्ये प्रतिज्ञापत्रावर पहिली सही त्याची. पुरुषांचं प्रतिज्ञापत्र आणि स्त्रियांचं जाहीरनामापत्र मिळून जवळपास पाच लाख सह्या झाल्या. मजकूर साधा होता: होमरूल आलंच तर लागतील ती सगळी साधनं वापरून ते हाणून पाडू. पुढच्या वर्षी स्वयंसेवकांची फौज उभी राहिली. एप्रिल १९१४ मध्ये एका रात्री लार्न बंदरात जर्मनीहून आणलेल्या सुमारे २५,००० रायफली उतरल्या.

मंडळी, इथं जरा थांबा. पार्लमेंटचा कायदा मानणार नाही असं जाहीर सांगायचं, फौज उभी करायची, परदेशातून बंदुका आणायच्या. याला काय म्हणायचं? आपल्याकडे १९०८ मध्ये टिळकांना 'केसरी'तल्या अग्रलेखांसाठी सहा वर्षं मंडालेला पाठवलं. तिथं ना फौज होती ना बंदुका. होती फक्त शाई.

कार्सनला काय शिक्षा झाली? वर्षभरातच, मे १९१५ मध्ये, तो इंग्लंडचा अॅटर्नी जनरल झाला. म्हणजे सरकारचा सर्वात मोठा कायदेशीर सल्लागार. पुढे नौदलाचा मंत्री आणि युद्धमंत्रिमंडळाचा सदस्य. आणि १९१६ मध्ये दुसऱ्या बाजूच्या रॉजर केसमेंटनं स्वतंत्र आयर्लंडसाठी जर्मनीहूनच बंदुका आणायचा प्रयत्न केला, तेव्हा त्याला फाशी झाली. महायुद्ध चालू होतं हा फरक आहे, मान्य. पण तो खटला सरकारतर्फे चालवला एफ. ई. स्मिथनं, जो अल्स्टरच्या चळवळीत कार्सनचाच साथीदार होता.

आता टिळक. व्हॅलेंटाइन चिरोल या इंग्रज पत्रकारानं १९१० मध्ये 'इंडियन अनरेस्ट' हे पुस्तक काढलं. भारतीय असंतोषाचे जनक हे बिरुद तिथूनच आलं. आपण ते कौतुकानं मिरवतो, चिरोलनं ते आरोप म्हणून लिहिलं होतं. रँडचा खून, नाशिकच्या जॅक्सनचा खून, ताईमहाराज प्रकरण, सगळ्याचे शिंतोडे टिळकांवर उडवले होते. मंडालेहून सुटल्यावर टिळकांनी अब्रुनुकसानीचा दावा लावला. महायुद्धामुळे सुनावणी लांबली आणि १९१९ च्या जानेवारीअखेरीस लंडनमध्ये सुरू झाली.

न्यायाधीश डार्लिंग. ज्युरी इंग्रजांची. चिरोलतर्फे कार्सन. साक्षीच्या पिंजऱ्यात बासष्ट वर्षांचे टिळक आणि समोर पासष्टीचा कार्सन. आणखी एक गंमत बघा. टिळक इथं होमरूल लीगचे पुढारी होते. ते नाव आयर्लंडच्या चळवळीवरून घेतलेलं, आणि त्यांचे सहकारी बॅ. जोसेफ बॅप्टिस्टा यांना आयरिश चळवळीचं मोठं आकर्षण. म्हणजे होमरूल मागणाऱ्याची उलटतपासणी होमरूल बंदुकीच्या धाकानं अडवणारा माणूस घेत होता! 'केसरी'तले जुने लेख, जुन्या शिक्षा, सगळं ज्युरीपुढे आलं. २१ फेब्रुवारीला निकाल टिळकांच्या विरुद्ध गेला. खर्च लाखांच्या घरात गेला आणि तो भरायला इथल्या लोकांनी वर्गणी काढली. टिळकांचा वकील कोण होता माहीत आहे? सर जॉन सायमन. होय, 'सायमन गो बॅक'वाला तोच.

पुढच्या वर्षी, जुलै १९२० मध्ये, जालियनवाला बागेच्या जनरल डायरवर पार्लमेंटमध्ये चर्चा झाली. डायरची बाजू घेणाऱ्यांत कार्सन आघाडीवर होता. त्यानंतर महिन्याभरातच टिळक गेले.

आणि मे १९२१ मध्ये हा माणूस न्यायाधीश झाला. साध्या कोर्टात नव्हे, हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये, जिथं ब्रिटनमधल्या सर्वात वरच्या अपिलांचे निकाल लागत. १९२९ पर्यंत तो त्या पदावर होता. वकील म्हणून गाजला तेवढा न्यायाधीश म्हणून मात्र गाजला नाही. राजकारणही सुटलं नाही. डिसेंबर १९२१ मध्ये आयर्लंडशी तह झाला, तेव्हा न्यायाधीश असतानाच त्यानं सभागृहात घणाघाती भाषण केलं. मी मूर्ख ठरलो, मी, अल्स्टर आणि आयर्लंड हे सगळे एका पक्षाला सत्ता मिळवून देण्याच्या खेळातल्या कठपुतळ्या होतो, असं तो बोलून गेला. न्यायाधीशानं असं बोलावं का, यावर तेव्हाही मोठा वाद झाला.

त्याचं दुःख खरं होतं. तो डब्लिनचा. त्याला आख्खं आयर्लंड ब्रिटनबरोबर हवं होतं, मिळाली फाळणी. त्याचं जन्मगावच पलीकडे गेलं. अल्स्टरचं नेतृत्व सोडताना त्यानं आपल्या माणसांना बजावलं होतं की कॅथलिक अल्पसंख्याकांना न्यायानं वागवा. ते कुणी फारसं ऐकलं नाही. त्याची किंमत उत्तर आयर्लंडनं पुढे अनेक दशकं रक्तानं मोजली. १९३५ मध्ये तो वारला. बेलफास्टला सरकारी इतमामात अंत्यसंस्कार झाले. स्टॉरमाँटच्या पार्लमेंटसमोर त्याचा पुतळा तर त्याच्या हयातीतच उभा राहिला.

राजकारणातून न्यायाधीश होणं हेच वाईट, असं मी म्हणणार नाही. आपले कृष्ण अय्यर केरळात कम्युनिस्ट सरकारचे मंत्री होते आणि सुप्रीम कोर्टात गेल्यावर गरिबांचे न्यायमूर्ती ठरले. माणूस खुर्चीत बसताना जुनं उपरणं बाहेर ठेवतो की नाही, एवढाच प्रश्न.

माझी बोच वेगळी आहे. काही वर्षांपूर्वी एका बातमीवरून मलाही अब्रुनुकसानीची नोटीस आली होती. कुणाची ते सोडा. तेव्हा आमचे वकीलसाहेब म्हणाले होते, "कायदा सगळ्यांना सारखाच आहे रे, फक्त पोचायचा रस्ता सारखा नाही." कार्सन वाचताना ते वाक्य सारखं आठवत होतं. बंदुका आणणारा न्यायासनावर गेला आणि अग्रलेख लिहिणारा तुरुंगात. राजद्रोह कशाला म्हणायचं, हे केलेल्या कृत्यावरून नाही, करणारा कोणत्या बाजूचा यावरून ठरलं. आज कुणावर हा शब्द फेकला जातो तेव्हा मी आधी एवढंच बघतो की फेकणारा कोण आहे.

त्या मुलीला उत्तर द्यायचं राहिलंय. पुढच्या आठवड्यात शाळेत जाणार आहे. काही चुकलं असेल तर त्याआधी कमेंटमध्ये सांगा.